ऑनलाइन खेळात माझा आवाज सोबत्यांना तुटक ऐकू येतो. दोष नेमका कोठे शोधावा?

लष्करकर, ग्वाल्हेर

सर्वांना नमस्कार.

रात्रीची जेवणे आटोपली की आम्ही चौघे ऑनलाइन खेळायला बसतो. चुलतभाऊ पुण्यात नोकरीला आहे, मावसभाऊ वडोदऱ्याला शिकतो, शाळेतला मित्र इंदूरला असतो आणि मी ग्वाल्हेरला, लष्कर भागातल्या आमच्या जुन्या वाड्यात. एरवी सणावारीसुद्धा एकमेकांची गाठ पडत नाही, त्यामुळे खेळाच्या निमित्ताने होणाऱ्या गप्पा आम्हा सर्वांनाच हव्या असतात. नेमका त्या गप्पांमध्येच अडथळा येत आहे, म्हणून सविस्तर लिहितो.

मुख्य तक्रार अशी की माझे बोलणे इतर तिघांना तुटक ऐकू येते. शब्दांचे मधले तुकडे गळतात आणि काही वेळा आवाज रोबोटसारखा होतो. मला मात्र त्या तिघांचे बोलणे स्वच्छ ऐकू येते. सुट्टीच्या दिवशी दुपारी खेळलो तर हा त्रास कमी असतो. रात्री नऊनंतर तो वाढतो.

याखेरीज आणखी काही गोष्टी लक्षात आल्या आहेत. त्या याच दोषाच्या शाखा आहेत की स्वतंत्र आहेत, हे मला ठरवता आलेले नाही. ब्लूटूथ हेडसेट लावून गाणे ऐकले तर आवाज उत्तम येतो, परंतु व्हॉइस चॅट सुरू झाले की खेळाचा सगळा आवाज दबतो आणि शत्रूची पावले डावीकडून येत आहेत की उजवीकडून, हे कळेनासे होते. कूलर सुरू असला की माझ्या वाक्याचा पहिला शब्द हमखास गिळला जातो, असे इंदूरचा मित्र सांगतो. शिवाय आम्ही एक जुना खेळही खेळतो, ज्यात मध्ये सर्व्हर नसतो आणि खेळाडूंचे संगणक थेट एकमेकांशी जोडले जातात. त्यात इंदूर आणि वडोदरा येथील दोघांशी माझे बोलणे होते, त्या दोघांचे पुण्याच्या भावाशीही होते. पण भाऊ आणि मी मात्र एकमेकांना अजिबात ऐकू येत नाही.

माझ्याकडे विंडोज ११ असलेला डेस्कटॉप आहे. वायफायचा छोटा डोंगल संगणकाच्या मागच्या यूएसबी पोर्टात लावलेला आहे. फायबरचा राउटर वाड्याच्या पुढच्या बैठकीत आहे आणि मी मागच्या माडीवरच्या खोलीत बसतो. मध्ये चौक आणि दोन जाड दगडी भिंती येतात. साउंडचा ड्रायव्हर नव्याने टाकला, खेळ काढून पुन्हा बसवला, तरी फरक पडलेला नाही. आता महागडा गेमिंग हेडसेट घे, असा सल्ला जो तो देत आहे. पैसे खर्च करण्याआधी कोणत्या चाचण्या कोणत्या क्रमाने कराव्यात, याचे मार्गदर्शन जाणकारांनी करावे, ही विनंती.

ध्वनिसंयोजक, ग्वाल्हेर

लष्करकर, हेडसेटची खरेदी तूर्त थांबवा. आपण लक्षणे वेगवेगळी मांडली आहेत, त्यामुळे अर्धे काम आधीच झालेले आहे.

मी गणेशोत्सवातील आणि इतर कार्यक्रमांची ध्वनिव्यवस्था पाहतो. मंचावरचा आवाज गेला तर आम्ही मिक्सरची सगळी बटणे फिरवत बसत नाही. माइकपासून सुरुवात करून एकेक जोडणी तपासत पुढे जातो आणि आवाज जिथपर्यंत धड पोहोचतो तिथे खूण करतो. आपल्यालाही तेच करायचे आहे. आपला आवाज आधी माइकमध्ये जातो, मग विंडोजमध्ये, मग खेळात किंवा बोलण्याच्या प्रोग्राममध्ये, आणि त्यानंतर वायफाय व इंटरनेटवरून सोबत्यांकडे. यातला इंटरनेटच्या अलीकडचा भाग घरबसल्या, कोणाचीही मदत न घेता तपासता येतो.

खेळ आणि व्हॉइस चॅट पूर्ण बंद करून विंडोजमधील साउंड रेकॉर्डर उघडावा आणि एखादा उतारा अर्धा मिनिट वाचून रेकॉर्ड करावा. मग खेळ सुरू करून, पण व्हॉइस चॅट बंद ठेवून, तेच वाचन पुन्हा रेकॉर्ड करावे. पहिले रेकॉर्डिंगच तुटक असेल तर दोष माइक किंवा ब्लूटूथचा आहे. पहिले स्वच्छ आणि दुसरे तुटक असेल, तर खेळ प्रोसेसरची सगळी ताकद खाऊन टाकतो आणि आवाजाला वेळेवर वाटा मिळत नाही. अशा वेळी खेळातील फ्रेम-रेटला, म्हणजे सेकंदाला दाखवल्या जाणाऱ्या चित्रांच्या संख्येला, मर्यादा घातली तरी पुष्कळदा काम भागते. दोन्ही रेकॉर्डिंग स्वच्छ असतील तर माइकवरचा आळ दूर झाला, असे समजून पुढे नेटवर्ककडे वळावे. ही चाचणी न करता लोक हेडसेट बदलतात आणि नव्या हेडसेटमध्येही तोच तुटकपणा घेऊन बसतात, याचे मला फार वाईट वाटते.

आता आपला ब्लूटूथचा प्रश्न. तो तुटकपणापेक्षा अगदी वेगळा आहे आणि त्यात बिघाड काहीच नाही. ब्लूटूथ हेडसेट दोन वेगवेगळ्या पद्धतींनी चालतो. नुसते ऐकायचे असेल तेव्हा एटूडीपी ही पद्धत वापरली जाते. तीत आवाज स्टिरिओ असतो आणि त्याचा दर्जाही चांगला असतो. माइक उघडला की हेडसेटला एचएफपी, म्हणजे फोनवर बोलण्यासाठी बनवलेल्या पद्धतीवर जावे लागते. तीत आवाज एकाच वाहिनीचा होतो आणि त्याचे नमुने सेकंदाला बहुधा ८,००० किंवा १६,००० घेतले जातात, तर गाणी साधारणपणे ४४,१०० किंवा ४८,००० नमुन्यांवर वाजतात. डावे-उजवे हा भेदच उरत नाही, मग पावलांची दिशा कळणार कशी? हेडसेट कितीही भारी घेतला तरी जुन्या धर्तीच्या ब्लूटूथवर हा नियम सुटत नाही. एलई ऑडिओ या नव्या पद्धतीत ही अडचण दूर करण्याची सोय आहे, पण त्यासाठी हेडसेट आणि संगणक दोन्ही ती पद्धत पाळणारे असावे लागतात.

सर्वांत स्वस्त उपाय म्हणजे ऐकण्यासाठी ब्लूटूथ हेडसेटच ठेवावा आणि बोलण्यासाठी वेगळा वायरचा माइक लावावा. विंडोजच्या साउंड सेटिंगमध्ये आणि खेळाच्या सेटिंगमध्येही इनपुट म्हणून तो वायरचा माइक नाव पाहून निवडावा. ‘डीफॉल्ट’ वर सोडू नये, कारण ब्लूटूथ जोडले गेले की डीफॉल्ट पुष्कळदा आपोआप बदलते. मोबाइलचे माइकवाले इअरफोन घरात असतील तर तेही चालतील. मात्र त्यांची पिन चार भागांची असते, आणि डेस्कटॉपला बहुधा ऐकण्याचे हिरवे आणि माइकचे गुलाबी अशी दोन वेगळी छिद्रे असतात. अशा वेळी एकाची दोन टोके करणारा स्प्लिटर लागतो. तो न लावता पिन हिरव्या छिद्रात घातली तर ऐकू येते पण माइक चालत नाही, आणि माणूस उगाच माइकला दोष देत बसतो.

कूलरबद्दल जरा विस्ताराने लिहितो, कारण ग्वाल्हेरच्या ज्येष्ठात कूलर बंद करून खेळा, असे सांगणे म्हणजे उपाय नव्हे. आपले व्हॉइस चॅट बहुधा आवाजाच्या पातळीवर उघडझाप करत असेल. खोलीत शांतता असली की ते अलगद उघडते. कूलर चालू असला की प्रोग्राम उंबरठ्याची पातळी वर नेतो, आणि आपण बोलायला लागल्यावर तो उंबरठा ओलांडेपर्यंत पहिला शब्द निघून जातो. डिस्कॉर्ड या बोलण्याच्या प्रोग्राममध्ये ही संवेदनशीलता आपोआप ठरवण्याचा पर्याय बंद करून पट्टी हाताने लावता येते. पट्टी अशी लावावी की नुसत्या कूलरने ती उजळणार नाही, पण हळू आवाजात ‘हो’ म्हटले तरी उजळेल. अशी जागाच सापडत नसेल तर माइक तोंडापासून फार दूर आहे. तो ओठांच्या कोपऱ्याशी, दोन बोटांच्या अंतरावर आणावा, समोर नको. समोर ठेवला तर ‘प’ आणि ‘फ’ चे फुत्कार येतात. अंतर निम्मे केले की कूलरच्या तुलनेत आपला आवाज माइकला जवळपास सहा डेसिबलने मोठा मिळतो, आणि हे कोणतेही सॉफ्टवेअर करून देत नाही.

वाऱ्याचा झोत माइकवर थेट येऊ देऊ नये. पंख्याची एकसारखी घरघर ओळखून काढून टाकणे नॉइज सप्रेशनला, म्हणजे गोंगाट गाळणाऱ्या सोयीला, सोपे जाते, पण माइकवर आदळणारी हवा सतत बदलणारा आवाज निर्माण करते आणि तो काढताना आपले शब्दही कातरले जातात. बसण्याची जागा थोडी फिरवली किंवा माइकला स्पंजची टोपी घातली तरी फरक पडतो. नॉइज सप्रेशनही एकाच ठिकाणी चालू ठेवावे. हेडसेटच्या प्रोग्राममध्ये एक, डिस्कॉर्डमध्ये दुसरे आणि खेळात तिसरे, असे तीन चाळण्यांमधून गेलेले मराठीतले ‘स’ आणि ‘श’ पुढे ओळखू येत नाहीत.

राजवाडा ते विजयनगर, इंदूर

ध्वनिसंयोजकांनी सांगितलेली रेकॉर्डिंगची चाचणी अवश्य करावी, पण आपल्या वर्णनावरून मला निकाल आधीच दिसतो आहे. इतरांचे बोलणे आपल्याला स्वच्छ येते आणि आपले मात्र तुटते, तेही रात्री नऊनंतर. याचा अर्थ घरातून बाहेर जाणाऱ्या वाटेवर काहीतरी अडते आहे. मी नेटवर्कच्या क्षेत्रात काम करतो आणि अशा तक्रारींमध्ये ‘माझा प्लॅन तर शंभर एमबीपीएसचा आहे’ हे वाक्य रोज ऐकतो. आवाजाला वेगाची फारशी गरज नसते. डिस्कॉर्ड आणि बहुतेक आधुनिक खेळ ओपस नावाची पद्धत वापरतात, जी २०१२ मध्ये प्रमाणित झाली. डिस्कॉर्डमध्ये तिचा नेहमीचा दर सेकंदाला ६४ किलोबिट इतकाच असतो. आवाजाला वेग नको, वक्तशीरपणा हवा. आपले बोलणे साधारण २० मिलिसेकंदांच्या तुकड्यांत कापले जाते, म्हणजे दर सेकंदाला पन्नास पॅकेट निघतात, आणि ती ठरावीक अंतराने पोहोचावी लागतात. चित्रपट पाहताना उशिरा आलेले पॅकेट चालते, कारण पुढचा साठा आधीच भरून ठेवलेला असतो. बोलण्यात उशिरा आलेले पॅकेट फेकूनच द्यावे लागते. एखादेच पॅकेट हरवले तर समोरचा प्रोग्राम आधीचा आवाज ताणून ती पोकळी भरतो, आणि रोबोटसारखा जो आवाज सोबत्यांना ऐकू येतो तो याच भरणीचा असतो. पॅकेट लागोपाठ गेली की भरणी पुरत नाही आणि शब्द गळतात.

आता ही पॅकेट राउटरच्या अलीकडे अडतात की पलीकडे, हे शोधण्यासाठी पुढील चाचणी मी सर्वांना सांगतो. कमांड प्रॉम्प्टच्या दोन खिडक्या शेजारी शेजारी उघडाव्यात. एकीत राउटरच्या पत्त्याला, जो बहुधा १९२.१६८.१.१ किंवा १९२.१६८.०.१ असतो, सतत पिंग, म्हणजे उत्तर किती वेळात येते हे मोजणारी आज्ञा, चालू करावा. दुसरीत ८.८.८.८ या बाहेरच्या पत्त्याला तसाच पिंग लावावा. दोन्ही तशाच चालू ठेवून खेळावे आणि सोबती ‘तुटला’ असे म्हणतील त्या क्षणी दोन्हींकडे पाहावे. पहिल्या खिडकीतले आकडे एरवी दोन-चार मिलिसेकंद असताना मध्येच शंभर-दोनशेवर उड्या मारत असतील, किंवा उत्तरच येत नसेल, तर दोष आपल्याच घरातल्या वायफायचा आहे, आणि इंटरनेट कंपनीला फोन करून काही साधणार नाही. पहिली खिडकी शांत आणि दुसरी अस्वस्थ असेल तर बाहेरची लाइन किंवा तिच्यावर पडलेला भार तपासावा. डिस्कॉर्ड वापरत असाल तर खाली डाव्या कोपऱ्यात ‘व्हॉइस कनेक्टेड’ या अक्षरांवर क्लिक केले की पिंगचा आलेख दिसतो आणि बाहेर जाणाऱ्या पॅकेटपैकी किती हरवली हेही दिसते. आपल्या प्रश्नासाठी हा आकडा फार मोलाचा आहे.

वाड्याचे वर्णन वाचून मला वायफायचाच संशय येतो. २.४ गिगाहर्ट्‌झचा पट्टा दगडातून बऱ्यापैकी पार होतो, पण त्याच पट्ट्यात शेजाऱ्यांचे राउटर असतात, मायक्रोवेव्ह असतो आणि आपला ब्लूटूथ हेडसेटही असतो. ५ गिगाहर्ट्‌झचा पट्टा मोकळा असतो, पण दोन जाड दगडी भिंतींपलीकडे तो टिकत नाही. त्यातून आपला डोंगल संगणकाच्या मागे आहे. यूएसबी ३ च्या पोर्टांतून आणि वायरींतून जो विद्युत गोंगाट बाहेर पडतो तो नेमका २.४ गिगाहर्ट्‌झच्या आसपास पसरतो. इंटेलने २०१२ मध्येच यावर सविस्तर टिपण प्रसिद्ध केले होते. डोंगल एखाद्या लांब यूएसबी वायरने टेबलावर, खिडकीकडे आणून पाहावा. आपला ब्लूटूथचा डोंगलही तिथेच मागे असेल तर त्यालाही हाच उपाय लागू आहे.

तरीही मनापासून सांगतो: चौकाच्या कडेने लॅनची केबल ओढा. कॅट ५ई किंवा कॅट ६ ची केबल शंभर मीटरपर्यंत निर्धोक चालते, म्हणजे कोणताही वाडा तिच्या टप्प्यात येतो. चौक उघडा असल्यास ऊन-पावसात टिकणारी केबल घ्यावी किंवा ती पीव्हीसीच्या नळीतून न्यावी, आणि विजेच्या तारांना खेटून नेऊ नये. रिपीटर घेऊ नये असे माझे मत आहे. साधे रिपीटर तेच पॅकेट पुन्हा हवेत सोडतात, त्यामुळे सिग्नलच्या दांड्या वाढलेल्या दिसतात आणि विलंबही वाढतो.

केबल टाकल्यावरही रात्री त्रास राहिला तर घरातल्या इतरांचे मोबाइल पाहावेत. रात्री सगळे घरी येतात, फोन वायफायला जोडले जातात, चार्जिंगला लागतात आणि दिवसभराचे फोटो-व्हिडिओ वर चढवू लागतात. अपलोडची वाट भरली की राउटर पॅकेट फेकून न देता रांगेत उभी करतो, आणि आपले २० मिलिसेकंदांचे बोलणे कोणाच्या तरी लग्नाच्या व्हिडिओमागे ताटकळते. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या शिफारशीनुसार बोलण्यातील एका बाजूचा विलंब १५० मिलिसेकंदांच्या आत असावा. भरलेल्या अपलोडमध्ये रांगेतच याहून जास्त वेळ जाऊ शकतो. राउटरमध्ये एसक्यूएमची, म्हणजे ही रांग लांबू न देणारी, सोय असेल तर ती चालू करून अपलोडची मर्यादा प्रत्यक्ष वेगाच्या ८५ ते ९० टक्क्यांवर ठेवावी. सोय नसेल तर बॅकअपची वेळ घरच्यांशी बोलून बदलून घ्यावी.

पुण्याच्या भावाचा प्रश्न अगदी निराळा आहे. थेट जोडणीच्या खेळात दोन्ही राउटरांना परस्परांची वाट सापडावी लागते. हल्ली अनेक कंपन्या पुष्कळ ग्राहकांना मिळून एकच सार्वजनिक पत्ता देतात. याला सीजीनॅट म्हणतात. राउटरच्या पानावर वॅन या नोंदीत जो पत्ता दिसतो तो पाहावा. तो १००.६४ पासून १००.१२७ पर्यंतच्या आकड्यांनी सुरू होत असेल तर आपण सीजीनॅटच्या मागे आहात. एका बाजूला असा अडसर असला तरी पुष्कळदा जोडणी होते, पण दोन्ही बाजूंना कडक अडसर असला की होत नाही. म्हणूनच आपले इंदूर-वडोदऱ्याशी जमते आणि पुण्याशी जमत नाही, असा माझा तर्क आहे. अशा वेळी आपल्या राउटरमध्ये पोर्ट उघडून उपयोग नसतो, कारण खरा दरवाजा कंपनीच्या यंत्रात असतो. कंपनीकडून स्वतंत्र सार्वजनिक पत्ता मागता येतो, त्याला बहुधा वेगळे पैसे पडतात. त्याहून सोपे म्हणजे त्या खेळापुरते बोलणे सर्व्हरवरून चालणाऱ्या प्रोग्रामवर न्यावे.

रावपुरेकर, वडोदरा

वरील दोन्ही उत्तरे वाचून माझ्या बऱ्याच शंका फिटल्या. माझी दोन्ही मुले मोबाइलवर आणि प्लेस्टेशनवर खेळतात, त्यामुळे ‘आई, कोणालाच माझा आवाज जात नाही’ ही तक्रार घरात नेहमीची आहे. लष्करकरांचा त्रास याहून वेगळा आहे, पण ज्यांचा आवाज अजिबातच जात नाही असे वाचकही येथे येतील, म्हणून थोडे लिहिते.

अँड्रॉइड १२ पासून फोनच्या वरून खाली ओढायच्या पट्टीत संपूर्ण फोनचा माइक बंद करणारे एक बटण असते. ते चुकून दाबले गेले तर खेळाला परवानगी दिलेली असूनही आवाज जात नाही. प्लेस्टेशन ५ च्या कंट्रोलरवर माइकचे छोटे बटण आहे. त्यावर नारिंगी दिवा लागलेला असेल तर माइक बंद आहे. बीजीएमआयसारख्या खेळात ऐकण्याचे आणि बोलण्याचे चिन्ह वेगवेगळे असते आणि दोन्हींना सर्व, टीम व बंद असे पर्याय असतात; धांदलीत एक चिन्ह बदलते आणि दुसरे तसेच राहते. व्हॅलोरंटमध्ये टीमशी बोलण्याची कळ वेगळी आणि आपल्या पार्टीशी बोलण्याची वेगळी आहे. विंडोजमध्ये प्रायव्हसीच्या सेटिंगमध्ये डेस्कटॉप प्रोग्रामना माइक वापरू द्यावा की नाही, हा एक निराळा पर्याय आहे. तो बंद असेल तर खेळ कोणतीही सूचना न देता मुका राहतो.

मुलांच्या खात्यांबाबत एक विनंती करते. पालकांनी लावलेल्या निर्बंधामुळे व्हॉइस चॅट बंद असेल, तर ते उघडण्यापूर्वी मूल कोणाशी बोलते हे पाहावे आणि शक्यतो फक्त ओळखीच्या मित्रांपुरतेच उघडावे. अनोळखी मोठ्या माणसांच्या बोलण्यात लहान मुलांना सोडणे मला योग्य वाटत नाही.

लष्करकर, ग्वाल्हेर

आपणा सर्वांचे मनापासून आभार. सांगितलेल्या क्रमानेच चाचण्या केल्या आणि निकाल येथे लिहीत आहे, म्हणजे पुढे कोणाला उपयोग होईल.

साउंड रेकॉर्डरमधील दोन्ही रेकॉर्डिंगमध्ये आवाज दबका होता, पण तुटक नव्हता. म्हणजे माइक निर्दोष ठरला. पिंगच्या दोन खिडक्या लावल्यावर चित्र स्पष्ट झाले: वडोदऱ्याचा भाऊ ‘तुटला’ म्हणाला की राउटरच्या खिडकीतला आकडा त्याच क्षणी उडी मारून तीनशेच्या पुढे जात होता, आणि मधूनमधून उत्तरच येत नव्हते. डोंगल वायरने बाहेर काढून खिडकीच्या दगडी चौकटीवर ठेवल्यावर उड्या कमी झाल्या, पण थांबल्या नाहीत. शेवटी चौकाच्या सज्ज्याखालून नळीतून केबल आणली. आता राउटरचा पिंग एका मिलिसेकंदाच्या आत असतो आणि रात्रीसुद्धा हलत नाही. बाहेरच्या पत्त्याच्या पिंगमध्ये रात्री दहाच्या सुमारास अजून थोडी चढउतार दिसते. ती वहिनींच्या फोनच्या बॅकअपशी जुळते, आणि त्यांनी त्याची वेळ पहाटेची करून दिली आहे.

बोलण्यासाठी घरात पडून असलेले वायरचे इअरफोन स्प्लिटर घेऊन लावले. पावलांची दिशा आता नीट कळते. कूलरसाठी पट्टी हाताने लावली आणि खुर्ची झोतातून बाजूला घेतली. राउटरच्या वॅन नोंदीत पत्ता १००.८० ने सुरू होणारा निघाला, आणि पुण्याच्या भावाकडेही तसाच प्रकार आहे, त्यामुळे इंदूरच्या जाणकारांचा तर्क खरा ठरला.

एक नवी गोष्ट मात्र दिसते आहे. कोणी बोलू लागले की काही खेळांमध्ये खेळाचा आवाज एकदम खाली जातो आणि बोलणे संपल्यावर पुन्हा वर येतो. आता ब्लूटूथचा माइक वापरात नाही, तरी असे का व्हावे?

ध्वनिसंयोजक, ग्वाल्हेर

केबल ओढलीत हे वाचून फार आनंद झाला.

आपण लिहिता ते विंडोजच्या एका जुन्या सोयीमुळे होते. साउंडच्या जुन्या धाटणीच्या खिडकीत ‘कम्युनिकेशन्स’ नावाचा भाग आहे; विंडोज ११ मध्ये साउंड सेटिंगच्या तळाशी ‘मोअर साउंड सेटिंग्ज’ वर गेल्यास तो सापडेल. कोणी बोलत असताना इतर आवाज ८० टक्क्यांनी कमी करावेत, अशी तेथे मुळातच योजना असते. फोनवर बोलणाऱ्याला ती सोयीची आहे, खेळणाऱ्याला नाही. तेथे ‘डू नथिंग’ निवडावे. डिस्कॉर्डमध्येही इतर प्रोग्रामचा आवाज कमी करणारी अशीच एक पट्टी आहे. ती शून्यावर आहे ना, तेही पाहून घ्यावे.

वायरच्या माइकमध्ये बारीक घूं असा सतत आवाज येऊ लागला, तर जुन्या घरांत तो बहुधा अर्थिंगचा असतो. प्लगची तिसरी पिन केवळ नावाला असेल तर ५० हर्ट्‌झची गुणगुण माइकमध्ये शिरते. ते सॉफ्टवेअरने झाकत बसण्यापेक्षा वायरमन बोलावून अर्थिंग तपासून घ्यावे. त्यात संगणकाचेही हित आहे आणि आपलेही.

राजवाडा ते विजयनगर, इंदूर

निकाल सविस्तर लिहिलात, त्याबद्दल आभार. पुष्कळ जण प्रश्न सुटला की परत फिरकत नाहीत आणि पुढच्याला तोच शोध नव्याने घ्यावा लागतो.

दोन्हीकडे सीजीनॅट असल्यामुळे जुन्या खेळासाठी चौघांनीही एकाच वेळी सर्व्हरवरच्या व्हॉइस चॅनेलवर जावे, आणि खेळाच्या आतले व्हॉइस चॅट चौघांनीही बंद करावे. एकाने जरी ते चालू ठेवले तरी इंदूर आणि वडोदऱ्याला त्याचा आवाज दोन वाटांनी, थोड्या अंतराने दोनदा पोहोचेल, आणि ते त्याला घुमणारा माइक समजून पुन्हा सगळी सेटिंग बदलू लागतील. भावाने व्हीपीएन वापरून थेट जोडणी करण्याचा प्रयत्न केला तर तो व्हीपीएन यूडीपी, म्हणजे बोलण्याची पॅकेट ज्या पद्धतीने जातात ती, जाऊ देतो की नाही, हे आधी पाहून घ्यावे; न जाऊ देणाऱ्या व्हीपीएनमध्ये डिस्कॉर्डसुद्धा ‘नो रूट’ असे दाखवून अडून बसते. दोघांपैकी एकाच्या कंपनीने जरी सार्वजनिक पत्ता दिला तरी त्या खेळातली थेट जोडणी होण्याची बरीच शक्यता आहे, तेव्हा ज्याच्याकडे तो कमी पैशांत मिळेल त्याने मागावा.

लष्करकर, ग्वाल्हेर

‘डू नथिंग’ निवडल्यावर आवाज खाली जाणे थांबले. डिस्कॉर्डमधील पट्टीही शून्यावर आणली आहे. जुन्या खेळासाठी चौघांनीही आतले व्हॉइस चॅट बंद केले असून बोलणे सर्व्हरवरून व्यवस्थित चालू आहे. सार्वजनिक पत्त्याची चौकशी भाऊ पुण्यात करणार आहे, कारण त्याच्या कंपनीचा दर इथल्यापेक्षा कमी असल्याचे कळले. वायरमनला रविवारी बोलावले आहे. अर्थिंगमध्ये काही निघाल्यास येथे कळवीन.